मेण्यातलं वाक्य

कुमागाई-सानांकडे फोन नव्हता. मोबाइल नव्हताच, पण घरातही नव्हता. भिंतीवर जिथे पूर्वी फोन असावा तिथे एक फिकट चौकोन आणि दोन खिळे तेवढे उरले होते. जपानमधल्या सेंदाईसारख्या विद्यापीठाच्या शहरात सत्तरी ओलांडलेल्या एकट्या माणसाने फोनशिवाय राहायचं म्हणजे चक्रमपणाच. आमच्या इमारतीची व्यवस्था बघणाऱ्या बाई त्यांना वरचेवर समजवायच्या की रात्रीबेरात्री काही झालं तर कुणाला कसं कळणार. कुमागाई-सान अदबीने वाकून, अगदी बरोबर आहे तुमचं, असं म्हणायचे आणि फोन घ्यायचे नाहीत. मी त्यांच्या बरोब्बर डोक्यावर, वरच्या मजल्यावर राहायचे. तरी मला त्यांचा निरोप पोस्टकार्डाने यायचा.

मी पुण्याहून तिथे पोस्टडॉक करायला गेले ती २०११च्या भूकंपाच्या आणि त्सुनामीच्या पुढच्या वर्षी. जग त्या भागातून बाहेर पडत होतं आणि मी आत चालले होते, म्हणून आई विमानतळावर माझ्याशी धड बोललीही नव्हती. जाऊन महिना झाला नसेल, तोच एका रविवारी सकाळी कुमागाई-सान दारात उभे. उंच, काटकुळे, इस्त्रीचा शर्ट, गळ्यात मफलर. कचऱ्याचं वर्गीकरण चुकलं, असंच मला वाटलं, कारण नव्या माणसाच्या दारात शेजारी येतो तो बहुतेक त्याचसाठी. मी माफी मागायला सुरुवातही केली. त्यांनी हात वर करून मला थांबवलं आणि अत्यंत गंभीरपणे विचारलं, तुम्ही प्लास्टिकच्या डॉक्टर ना? माझं काम पॉलिमरवर होतं, त्यामुळे नाही म्हणता येईना. मग जरा खाली या, म्हणाले, एक पेशंट आहे.

पेशंट फ्रीजमध्ये होता. वर, खाली, दारात, सगळीकडे प्लास्टिकच्या पिशव्यांत घट्ट बांधलेली फिल्मची भेंडोळी. खायची एक वस्तू नाही. हे गृहस्थ कित्येक महिने कोपऱ्यावरच्या कोनबिनीतून, म्हणजे चोवीस तास उघड्या दुकानातून, भाताचे गोळे आणून जगत होते आणि घरातला फ्रीज एका सिनेमाला दिला होता. समुद्राच्या पाण्यात बुडालेली फिल्म वाळू द्यायची नाही, वाळली की थर चिकटतात, धुणारा मिळेपर्यंत ओलीच थंडीत ठेवायची, असं त्यांना कुणीतरी सांगितलं होतं. सल्ला बरोबर होता. धुणारा मात्र मिळत नव्हता.

कुमागाई-सान बेन्शी होते. बोलपट येण्याआधी जपानात मूकपट दाखवायचे तेव्हा पडद्याशेजारी एक माणूस उभा राहून सगळ्या पात्रांचं एकटा बोलायचा. नायक तोच, नायिका तोच, खाष्ट सासूही तोच. आपल्याकडचे चित्रकथी चित्रं मांडून गोष्ट सांगतात तसंच काहीसं, फक्त चित्रं हलती. तो जमाना यांच्या जन्माआधीच संपला होता. पण तरुणपणी त्यांनी एका म्हाताऱ्या बेन्शीकडून ही विद्या उचलली, आठवडाभर विमा कंपनीत खर्डेघाशी केली आणि सुट्टीच्या दिवशी गावोगावच्या सभागृहांतून खेळ केले. घरी ते पुटपुटल्यासारखं बोलायचे. आवाज म्हणे जपून वापरायची वस्तू आहे. खिशात घशासाठी आल्याच्या गोळ्या कायम. बोलता बोलता समोरच्याला एक द्यायचे आणि तो ती तोंडात टाकेपर्यंत वाक्य पुरं करायचे नाहीत.

दुरून दिसणारी, पण ऐकू न येणारी माणसं हा त्यांचा खुराक होता. बसस्टॉपवर आम्ही उभे असलो की समोरच्या केशकर्तनालयाच्या काचेमागची दोन माणसं काय बोलतायत ते कुमागाई-सान मला दोन आवाजांत ऐकवायचे. एकदा ते माझ्या लॅबमध्ये आले होते. काचेच्या दारापलीकडे आमचे प्रोफेसर एका विद्यार्थ्याशी बोलत होते. कुमागाई-सानांनी लगेच दोघांचे संवाद सुरू केले. प्रोफेसर म्हणतायत की तुझा प्रयोग फसला, त्यात तुझी चूक नाही, माझीच कल्पना खुळचट होती. विद्यार्थी म्हणतोय, नाही सेन्सेई, कल्पना थोर होती, जगच लहान आहे. मी हसून हसून बेजार झाले. उचलली जीभ लावली टाळ्याला, दुसरं काय! संध्याकाळी त्या मुलाला विचारलं तर कळलं की प्रोफेसरांनी त्याला चांगला झापला होता. दुसऱ्या दिवशी मी कुमागाई-सानांना म्हटलं, तुमचा अंदाज साफ चुकला. ते जराही वरमले नाहीत. चूक प्रोफेसरांची, म्हणाले, ओठ हेच म्हणत होते. आणि पुढे असंही म्हणाले की माणूस काय बोलतो याला फारसा अर्थ नसतो, समोरच्याला काय ऐकू येतं त्यावर सगळं ठरतं. तेव्हा मला ती गंमत वाटली.

फ्रीजमधला सिनेमा सामुराईंचा होता, पण तलवारबाजीचा नव्हे. शोगुनांची सत्ता गेली आणि जपानातली संस्थानं खालसा झाली, त्या दिवसांतला. माझे पणजोबा एका चिमुकल्या संस्थानात कारकून होते, त्यामुळे संस्थान खालसा होणं म्हणजे काय ते मला वेगळं सांगावं लागलं नाही. नायक किल्ल्याच्या महाद्वाराचा राखणदार असतो, सामुराईतला अगदी खालचा. नव्या सरकारच्या हुकमाने धनी टोकियोला राहायला निघतात. दरवाजातून जाताना मेणा थांबतो, पडदा बाजूला होतो, धन्याचे ओठ हलतात, राखणदार बर्फात गुडघे टेकून वाकतो आणि मेणा निघून जातो. बाकीचे शिपाई तलवारी विकून दुकानं काढतात. हा दारावरच. शेवटी किल्ला लिलावात जातो, मजूर दरवाजा पाडायला येतात आणि तो हलत नाही. दरवाजा पडतो.

आता गंमत अशी की मूकपटात महत्त्वाच्या संवादाची पाटी येते, पण मेण्याच्या प्रसंगात पाटीच नाही. धनी काय म्हणाले ते दिग्दर्शकाने सांगितलेलंच नाही. तिथे बेन्शी म्हणेल ते खरं.

फिल्म धुवायला आम्हाला अख्खा हिवाळा लागला. मी कुणी फिल्मची जाणकार नव्हते. जाणकारांना ई-मेल करून विचारत, दोन विद्यार्थ्यांना शनिवार-रविवारी करी-भाताच्या आमिषाने बोलावत, थंड पाण्यात एकेक हात फिल्म आम्ही चिखलातून सोडवली. कॉरिडॉरभर दोऱ्या बांधून वाळत घातली. काही ठिकाणी चित्राचा थरच खाऱ्या पाण्याने खाल्ला होता, तिथे ओल आलेल्या भिंतीसारखे पांढरे डाग राहिले. पण बाकी सिनेमा वाचला. मला असा काही आनंद झाला होता की मी घरी फोन करून आईला सांगितलं. कुमागाई-सान मात्र फिल्मचे डबे मोजत नुसते उभे होते. मला वाटलं, म्हातारा भारावला असेल.

पहिलं रीळ आम्ही विद्यापीठातल्या एका जुन्या प्रोजेक्टरवर, लॅबच्या भिंतीवर लावून पाहिलं, दुपारीच, पडदे ओढून. मेणा आला. पडदा बाजूला झाला. धन्याचे ओठ हलले आणि कुमागाई-सान काहीच बोलले नाहीत. मी मशीन थांबवलं आणि विचारलं की इथे तुम्ही काय म्हणायचे. त्यांनी खुर्चीत बसल्या बसल्या, आवाज न लावता सांगितलं, "हे दार तुझ्या हवाली. मी येईन तोवर जागा सोडू नकोस."

मग म्हणाले, हे वाक्य माझं आहे, गुरुजींचं नव्हे. गुरुजी तिथे नुसतं, थंडी फार आहे, तब्येत सांभाळ, एवढंच म्हणायचे. मला ते मिळमिळीत वाटलं. माझ्या वाक्याला बायका रडायच्या, पुरुष नाकं ओढायचे. ओनोसुद्धा.

ओनो-सान म्हणजे त्यांचे मशीन चालवणारे जोडीदार, त्यांना सेन्सेई, म्हणजे मास्तर, म्हणायचे. किनाऱ्यावरच्या एका गावात त्यांचं विजेच्या सामानाचं दुकान होतं. कुमागाई-सान जिथे जातील तिथे ते व्हॅनमध्ये मशीन आणि डबे घालून आधीच पोचलेले असायचे. बेन्शी बोलायचे आणि मशीनमागे ओनो-सान त्याच वाक्यांवर स्वतःचे ओठ हलवायचे. सगळा सिनेमा तोंडपाठ. आणि या जोडीचा एक नियम होता. आग लागो, पूर येवो, आधी डबे बाहेर, मग मशीन, मग माणसं. तरुणपणी कधीतरी कुमागाई-सानांनीच थट्टेत केलेला. ओनो-सानांनी तो थट्टेत घेतला नाही.

त्या मार्चमध्ये ओनो-सानांच्याच गावात खेळ ठरला होता, भूकंप झाला त्याच्या दुसऱ्या दिवशी. ते डबे सभागृहात ठेवून पडदा बांधत होते. कुमागाई-सान सेंदाईत होते. जमीन हलायची थांबली तसे ते रस्त्यावर आले. मोबाइल बंद पडले होते, म्हणून सार्वजनिक फोनपाशी रांगेत उभे राहिले आणि सभागृहाच्या ऑफिसचा नंबर फिरवला. नवल म्हणजे लागला. ओनो-सानांनीच उचलला. म्हणाले, सगळे ठीक आहेत, लाटेचा इशारा आहे, टेकडीवरच्या शाळेकडे निघालोय.

"मी विचारलं, आणि फिल्म?" कुमागाई-सान म्हणाले. "तो म्हणाला, आत आहे, बघतो. फोन ठेवला."

डबे नंतर सापडले ते स्टेजच्या वर, दिवे टांगायच्या दांडीला. ओनो-सानांनी ते कापडात बांधून पडद्याच्या दोरीने वर ओढले होते. पाणी तिथपर्यंत पोचलं, पण गाठी सुटल्या नाहीत. ते स्वतः जिन्याजवळ सापडले.

मी जे कुणीही म्हटलं असतं तेच म्हटलं. तुमचा काय दोष, तुम्ही नुसतं विचारलंत, जा असं थोडंच सांगितलंत. ते म्हणाले, "मंजिरी-सान, ओनोने माझा प्रश्न कधीच प्रश्न म्हणून ऐकला नव्हता. आणि हे मला माहीत होतं." भिंतीवर मेण्याचं चित्र थांबलेलं होतं, मशीनचा दिवा तापत होता, म्हणून मी तो बंद केला. फिल्म वाचली म्हणून मी आनंदाने घरी फोन केला होता, त्याची मला त्या क्षणी लाज वाटली.

ओनो-सानांच्या पत्नीला त्यांनी यातलं काही सांगितलं नव्हतं. ती किनाऱ्यावरून उठलेल्या लोकांसाठी बांधलेल्या तात्पुरत्या चाळीत एकटी राहायची. कुमागाई-सान दर महिन्याला बसने तिच्याकडे जायचे, गॅसची नळी बघायचे, बर्फ ओढायचे, आणि दर वेळी सांगायचं ठरवून न सांगता परत यायचे. परतल्यावर जिन्यात भेटले की मान हलवायचे. मला कळायचं.

फिल्म धुऊन झाली हे तिला कुठूनसं कळलं आणि ती स्वतः सेंदाईला आली. बुटकी, गोल चेहऱ्याची, जोरात बोलणारी बाई. ओबोनमध्ये, म्हणजे त्यांच्याकडे पितर घरी येतात त्या दिवसांत, आमच्या चाळीच्या सभागृहात हा खेळ करा, असं तिचं म्हणणं. कुमागाई-सानांनी आवाज गेला, वय झालं, मशीनला माणूस नाही, असं सगळं सांगून पाहिलं. तिने माझ्याकडे बोट दाखवलं. ही आहे की, म्हणाली, हिला शिकवा. मी कोण नाही म्हणणार? अशा रीतीने पॉलिमरमधली पीएचडी खर्ची घालून मी मशीन चालवायला शिकले.

कुमागाई-सानांसारखा कडक मास्तर मला पुण्यातही भेटला नव्हता, आणि पुण्यात मास्तरांची वाण नाही. बोट कुठे, अंगठा कुठे, मशीन सुरू करण्याआधी त्याला वाकून नमस्कार. पण सगळ्यात जास्त घोकून घेतलं ते वेगळंच. जमीन हलली तर काय करायचं? दिवा बंद करून बाहेर. फिल्मचं काय? फिल्म तिथेच. मी कंटाळून, कळलं हो, असं म्हणायचे. एकदा सरावाच्या वेळी खरंच हलली. तिथे असे लहानसहान धक्के बसतच. मी उठले, पण हात सवयीने मशीनवरून डगमगणारं रीळ धरायला गेला. "सोडा ते!" केवढ्याने ओरडले! सभागृहाच्या शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा तो आवाज मी पहिल्यांदाच ऐकत होते. बाहेर आल्यावर त्यांच्याकडून आल्याची गोळी कागदातून सुटत नव्हती. मी ती सोडवून दिली.

ओबोनचा खेळ दुपारी झाला. खिडक्यांना काळं कापड लावलं होतं, पंखे घरघरत होते, सगळे हातात कागदी पंखे घेऊन चटयांवर बसलेले. बहुतेकांनी हा सिनेमा पूर्वी पाहिलेला होता, कारण ओनो-सानांमुळे त्या गावात तो वरचेवर व्हायचा. ओनोबाई सगळ्यात पुढे. कुमागाई-सान उभे राहिले आणि पुटपुटणारा माझा शेजारी कुठल्या कुठे गेला. मजुरांची भांडणं, सरकारी अधिकाऱ्याचा गुळगुळीत आवाज, राखणदाराचा जाड, अडखळता आवाज. लोक हसत होते, एकमेकांना कोपर मारत होते.

मेणा आला. पडदा बाजूला झाला. कुमागाई-सान धन्याच्या आवाजात म्हणाले, "दार उघडं टाक. तू घरी जा."

चटयांवर एकदम चुळबुळ झाली. एक म्हातारे शेजारणीला काहीतरी विचारायला वळले. कुमागाई-सान पुढे बोलत राहिले, सिनेमा संपला, टाळ्या झाल्या, पण जरा गोंधळलेल्या. मी रीळ गुंडाळत होते. मला वाटत होतं, किती छान केलं यांनी. इतके महिने गळ्यात अडकलेलं एकदाचं बोलून टाकलं.

ओनोबाई बार्लीच्या चहाचे पेले घेऊन आली. आमच्यापुढे ठेवले. नेहमीच्या मोठ्या आवाजात नव्हे, हळू आवाजात तिने विचारलं की वाक्य का बदललंत. कुमागाई-सान चटईवर गुडघे टेकून बसले आणि सगळं सांगितलं. रांग, फोन, प्रश्न. बोलताना त्यांचं कपाळ जवळजवळ जमिनीला लागलं होतं.

"मला माहीत आहे," ती म्हणाली. सभागृहाच्या ऑफिसातली मुलगी त्या वेळी ओनो-सानांच्या शेजारीच उभी होती, तिने त्याच आठवड्यात येऊन सांगितलं होतं. फोन ठेवून ते हसले होते म्हणे, आणि म्हणाले होते की सेन्सेईंचा जीव फिल्ममध्ये अडकलाय, तुम्ही व्हा पुढे.

कुमागाई-सानांनी वर पाहिलं नाही. तिने काही माफ केलं नाही आणि दोषही दिला नाही. तुम्ही विचारलं नसतंत तर तो गेला नसता का, ते मला माहीत नाही, म्हणाली, तुम्हालाही माहीत नाही, दोघांनाही ते कधी कळणार नाही. तुम्ही स्वतःहून सांगाल म्हणून मी वाट बघत होते, बर्फ ओढायला कशाला येता ते काय मला कळत नव्हतं?

"पण ते वाक्य तुम्ही बदलायला नको होतं," ती म्हणाली. "धनी म्हणाले, घरी जा. मग माझा माणूस घरी का नाही आला?"

परतीच्या बसमध्ये डबे आम्हा दोघांच्या मांडीवर होते. कुमागाई-सान खिडकीबाहेर बघत होते. बाहेर नुसती सपाट जमीन, मधूनच घरांचे उरलेले पाये आणि त्यांत वाढलेलं गवत. सेंदाई स्टेशन आल्यावर ते म्हणाले, मला वाटलं होतं मी तिच्यासाठी बदललं, पण नाही, स्वतःसाठीच बदललं. मी, असं काही नाही हो, म्हणायला तोंड उघडलं आणि मिटलं. एव्हाना मी तेवढं शिकले होते.

त्यानंतर बरेच दिवस ते खेळाचं नाव काढत नव्हते. ओनोबाईकडे जाणं मात्र चालू राहिलं. आता परत आले की जिन्यात मान हलवत नसत. कधी तिने दिलेलं मुळ्याचं लोणचं मला आणून द्यायचे, कधी तिने त्यांना कशी कशी बोलणी घातली ते पुटपुटत सांगायचे. त्यात थोडी खुशी असायची असं मला वाटे. पण एकदा मी वाक्याचा विषय काढला तेव्हा त्यांनी सांगितलं की रोज दाढी करताना आरशापुढे उभं राहून ते नवं वाक्य शोधतात. जुनं बोलवत नाही. नवं खोटं पडतं. गुरुजींचं ते थंडीचं वाक्य आता चांगलं वाटतं, पण तेही आता उशिरा सुचलेलं शहाणपण.

पुढच्या ओबोनला तिनेच पुन्हा खेळ मागितला. माझी मुदत संपत आली होती, सामानाची खोकी बांधून झाली होती, मी परत यायच्या आधीचा तो माझा शेवटचा रविवार. तेच सभागृह, तेच काळं कापड. जाताना बसमध्ये मी विचारलं की तिथे काय म्हणणार आहात. मला अजून माहीत नाही, म्हणाले.

मेणा आला. मी मशीनमागून बघत होते. पडदा बाजूला झाला, पांढऱ्या डागांमधून धन्याचा चेहरा दिसला आणि कुमागाई-सानांनी तोंड मिटलं. सभागृहात मशीनची खडखड तेवढी उरली. पडद्यावर धन्याचे ओठ हलत होते. आणि पुढच्या रांगेत, पडद्याच्या उजेडात, ओनोबाईचे ओठ हलत होते. ती कुठलं वाक्य म्हणत होती, जुनं की नवं की तिचं स्वतःचं, ते माझ्यापर्यंत पोचलं नाही. कुमागाई-सान तिच्यापासून दोन हातांवर उभे होते. बसस्टॉपवर, काचेमागे, कुणाचेही ओठ हलले की त्यांत शब्द घालणारा तो माणूस पडद्याकडे पाठ करून तिच्याकडे बघत होता, आणि गप्प होता.